राग, यंत्र आणि अग्रक्रमाचा प्रश्न : चरणजित सिंग यांच्या 'सिंथेसायझिंग' या ध्वनिमुद्रिकेची चिकित्सा

प्रस्तावना

१९८२ साली ग्रामोफोन कंपनी ऑफ इंडियाने 'सिंथेसायझिंग : टेन रागाज टू अ डिस्को बीट' या नावाची एक ध्वनिमुद्रिका काढली. वादक होते मुंबईच्या हिंदी चित्रपटसंगीतात दीर्घकाळ काम केलेले चरणजित सिंग. नावावरून स्पष्ट होते त्याप्रमाणे तीत दहा राग आहेत आणि प्रत्येक राग डिस्कोच्या ठेक्यावर, केवळ इलेक्ट्रॉनिक वाद्यांच्या साहाय्याने वाजविलेला आहे. ध्वनिमुद्रिकेला व्यावसायिक यश लाभले नाही आणि ती लवकरच विस्मृतीत गेली. पुढे २००२ मध्ये एदो बाउमन या डच संग्राहकाला तिची एक प्रत दिल्लीतील एका दुकानात सापडली. त्यांनीच २०१० मध्ये 'बॉम्बे कनेक्शन' या आपल्या संस्थेतर्फे तिचे पुनर्मुद्रण केले.

या पुनर्मुद्रणानंतर झालेल्या चर्चेचा रोख एकाच मुद्द्यावर राहिला. अमेरिकेतील शिकागो शहरात १९८०च्या दशकाच्या मध्यावर 'अ‍ॅसिड हाउस' हा नृत्यसंगीताचा प्रकार उदयास आला. फ्यूचर या तिघा तरुणांच्या गटाची 'अ‍ॅसिड ट्रॅक्स' ही १९८७ची ध्वनिमुद्रिका त्याचा आरंभबिंदू मानली जाते. त्या प्रकाराची ओळख ठरलेला चिवट, वळवळणारा, वर चढत जाणारा खर्जातील ध्वनी सिंग यांच्या ध्वनिमुद्रिकेत पाच वर्षे आधीच ऐकू येतो. काही श्रोत्यांना हे इतके अविश्वसनीय वाटले की, एखाद्या पाश्चात्त्य संगीतकाराने जुन्या ध्वनिमुद्रिकेचा आभास निर्माण करून केलेली ही थट्टा असावी, अशी शंकाही व्यक्त झाली. शंका फिटल्यावर मात्र लंबक दुसऱ्या टोकाला गेला आणि सिंग यांना 'अ‍ॅसिड हाउसचे जनक' हे बिरुद लावले जाऊ लागले.

हे बिरुद इतिहासाच्या कसोटीवर टिकत नाही, अशी प्रस्तुत लेखाची भूमिका आहे. शिवाय ते टिकले असते तरी त्यातून या ध्वनिमुद्रिकेचे मोल कळले नसते. ते मोल अन्यत्र आहे. रागसंगीताचे कोणते अंग यंत्राला पेलते आणि कोणते पेलत नाही, याची अशी उघड परीक्षा तत्पूर्वीच्या भारतीय लोकप्रिय संगीतात क्वचितच झाली असेल. आणि ही परीक्षा घेतली ती एखाद्या पंडिताने किंवा विद्यापीठीय संशोधकाने नव्हे, तर चित्रपटसंगीताच्या ध्वनिमुद्रणकक्षात रोजंदारीवर वाजविणाऱ्या एका वादकाने.

पडद्यामागचा वादक

हिंदी चित्रपटसंगीताचा विचार प्रायः गायक, संगीतकार आणि गीतकार या तीन नावांभोवती फिरतो. प्रत्यक्षात ते संगीत शेकडो वादकांच्या श्रमातून उभे राहिले. पाळीनुसार बोलावणे, दर्जानुसार मोबदला आणि तबकडीवर नावाचा उल्लेख नाही, अशी ही व्यवस्था होती. ग्रेगरी बूथ यांनी 'बिहाइंड द कर्टन' (२००८) या ग्रंथात मुंबईतील अशा वादकांच्या मुलाखतींच्या आधारे तिचे तपशीलवार चित्र उभे केले आहे. या वर्गात गोव्याहून आलेल्या ख्रिस्ती वादकांचा वाटा फार मोठा होता. पाश्चात्त्य स्वरलेखन त्यांना अवगत असल्याने वाद्यमेळाची रचना अनेकदा त्यांच्याच हातून होई. सेबॅस्टियन डिसोझा यांच्यासारख्या संयोजकाचे नाव संगीतप्रेमींना आज माहीत आहे ते अशा संशोधनामुळे; ध्वनिमुद्रिकांच्या वेष्टनांनी ते काम केले नव्हते.

या वर्गातील माणसाला स्वतःचे काही निर्माण करावेसे वाटले की तो रागाकडे वळतो, हे एका जुन्या उदाहरणावरूनही दिसते. माजोर्ड्याचे व्हायोलिनवादक अँथनी गोन्साल्विस यांनी १९५८ मध्ये मुंबईच्या सेंट झेवियर्स महाविद्यालयाच्या प्रांगणात मोठा वाद्यवृंद उभा करून रागांवर आधारलेल्या आपल्या रचना सादर केल्या. लता मंगेशकर आणि मन्ना डे त्यात गायले होते. तो प्रयोगही पुढे विसरला गेला. गोन्साल्विस सर्वसामान्यांच्या स्मरणात राहिले ते त्यांचे शिष्य प्यारेलाल यांनी 'अमर अकबर अँथनी' (१९७७) मधील एका गाण्यात गुरूचे नाव गुंफले म्हणून. माणसाचे नाव घराघरात पोहोचावे आणि त्याचे संगीत मात्र कोणी ऐकलेले नसावे, हा प्रकार विलक्षणच म्हणावा लागेल.

चरणजित सिंग याच जगातले. गिटार, बेस गिटार, सिंथेसायझर अशी वाद्ये ते वाजवीत. 'हरे रामा हरे कृष्णा' (१९७१) मधील गाजलेल्या 'दम मारो दम' या गाण्यातील ट्रान्झिकॉर्ड हे विजेवर चालणारे अकॉर्डियन त्यांचे. शंकर-जयकिशन, सचिनदेव बर्मन, राहुलदेव बर्मन यांच्याकडे त्यांनी वाजविले. याशिवाय चित्रपटगीतांच्या चाली केवळ वाद्यांवर वाजविलेल्या ध्वनिमुद्रिका त्यांच्या नावावर निघाल्या. त्या काळी अशा धुनांना बाजारपेठ होती. उपाहारगृहांतून, लग्नसमारंभांतून त्या वाजत. मात्र तेथे वेष्टनावर वादकाचे नाव असले तरी चाल दुसऱ्याचीच असे.

'सिंथेसायझिंग' नेमकी येथे वेगळी ठरते. राग ही कोणाच्याच नावावर नसलेली सामग्री आहे. तिच्यासाठी संगीतकाराची परवानगी लागत नाही, श्रेय वाटून घ्यावे लागत नाही. आयुष्यभर इतरांच्या चाली वाजविणाऱ्या वादकाला संपूर्णपणे स्वतःची म्हणता येईल अशी ध्वनिमुद्रिका करावयाची तर राग हा सर्वांत मोकळा मार्ग होता. सिंग यांनी आपल्या निवडीचे असे स्पष्टीकरण दिलेले नाही. चित्रपटांत डिस्कोची चलती होती, तेव्हा डिस्कोच वापरून काही निराळे का करू नये, एवढाच विचार त्यांनी मुलाखतींत सांगितला आहे. तथापि परिणाम पाहता राग निवडल्याने त्यांना जे स्वातंत्र्य मिळाले ते दुर्लक्षिता येत नाही.

डिस्कोची ती चलती खरी होती. लंडनमध्ये बिड्डू यांनी संगीत दिलेले, नाझिया हसन यांनी गायलेले 'कुर्बानी' (१९८०) मधील गाणे, पाठोपाठ १९८१ची 'डिस्को दीवाने' ही ध्वनिमुद्रिका आणि १९८२च्या डिसेंबरात आलेला बप्पी लाहिरी यांच्या संगीताचा 'डिस्को डान्सर' या तीन टप्प्यांत तिचा आलेख सामावतो. त्या लाटेतील बहुतेक संगीत गाण्यांचे होते. गायक नाही, शब्द नाहीत, चित्रपट नाही, अशी 'सिंथेसायझिंग' त्या बाजारात कोणत्या फळीवर ठेवावी, असा प्रश्न दुकानदारालाही पडला असावा.

तीन यंत्रे

ध्वनिमुद्रिकेचा सर्व ध्वनी रोलँड या जपानी कंपनीच्या तीन यंत्रांतून आला आहे. ज्युपिटर-८ (१९८१) हा आठ स्वर एकाच वेळी वाजवू शकणारा सिंथेसायझर, टीआर-८०८ (१९८०) हे तालयंत्र आणि टीबी-३०३ (१९८१) हे खर्जयंत्र. निरनिराळ्या कंपन्यांची वाद्ये परस्परांशी जोडणारी 'मिडी' ही पद्धती १९८३ मध्ये प्रचारात आली. तत्पूर्वी रोलँडची तालयंत्रे व खर्जयंत्रे एका साध्या तारेने एका लयीत बांधता येत. ठेका आणि खर्जाची ओळ यंत्रे आपापली चालवीत राहत, आणि दोन्ही हात मोकळे झालेला वादक त्यांवर राग वाजवी. आयातीवर कडक निर्बंध असलेल्या काळात परदेशातून आणलेली ही सामग्री मुंबईच्या एका वादकाच्या घरी इतक्या लवकर पोहोचली होती, हीच मुळात लक्षणीय बाब आहे.

यांपैकी टीबी-३०३ची कथा सांगण्याजोगी आहे. तादाओ किकुमोतो यांनी आखलेले हे यंत्र सोबतीला बेस गिटारवादक नसलेल्या कलावंतासाठी, म्हणजे व्यवहारतः बेस गिटारवादकाच्या जागी, बनविलेले होते. ते काम त्याला जमले नाही. त्याचा ध्वनी बेस गिटारसारखा लागत नसे, आणि स्वर व कालमान स्वतंत्रपणे भरावयाचे असल्याने ते चालविणेही किचकट होते. सुमारे दहा हजार यंत्रे तयार झाल्यावर १९८४ मध्ये उत्पादन थांबले.

चरणजित सिंग स्वतः बेस गिटारवादक होते. म्हणजे ज्या यंत्राने त्यांच्यासारख्यांना निरुपयोगी ठरवावे अशी अपेक्षा होती, ते यंत्र त्यांनी स्वतः विकत घेतले आणि त्याच्याकडून बेस गिटारला न जमणारे काम करवून घेतले. पुढे १९९०च्या दशकात सिंथेसायझर आणि संगणक यांनी मुंबईच्या ध्वनिमुद्रणकक्षांतील मोठे वाद्यवृंद जवळजवळ संपविले. शंभर व्हायोलिनांचा भरणा एका कळफलकातून निघू लागला आणि शेकडो वादकांची रोजीरोटी गेली. १९८२च्या या ध्वनिमुद्रिकेचा त्या उलथापालथीशी कार्यकारणसंबंध जोडणे चुकीचे ठरेल. परंतु ती ऐकताना श्रोत्याला हा पुढचा इतिहास विसरता येत नाही. एकच माणूस, वाद्यवृंद नाही, आणि तरीही भरगच्च ध्वनी, हे त्या भविष्याचे चित्र येथे आधीच दिसते. फरक एवढाच की येथे यंत्र वादकाच्या हाती आहे.

स्वर, मींड आणि आंदोलन

आता मुख्य प्रश्न. यंत्रावर वाजलेला हा राग, राग राहतो काय?

या प्रश्नाला महाराष्ट्रात जुनी पूर्वपीठिका आहे. हार्मोनियमबाबत हाच वाद झाला होता. कळ दाबली की ठरलेला स्वर निघतो, दोन स्वरांमधील जागा मोकळी राहते, मींड निघत नाही, श्रुती लागत नाहीत, असे आक्षेप होते. आकाशवाणीचे पाश्चात्त्य संगीत विभागप्रमुख जॉन फोल्ड्स यांनी १९३८ मध्ये या वाद्यावर टीका केली आणि १९४० पासून सुमारे तीन दशके आकाशवाणीवर त्याला मज्जाव होता. त्याच काळात मराठी रंगभूमी आणि मैफल यांत हार्मोनियम रुजली, वाढली. 'मानापमान'च्या (१९११) चाली देणारे गोविंदराव टेंबे हे मोठे हार्मोनियमवादकही होते. कळफलकाच्या मर्यादा त्यांना ठाऊक नव्हत्या असे कोण म्हणेल? सुरांची निवड, ठहराव, लयीशी खेळ यांच्या जोरावर हार्मोनियमवादकांनी मींडेचा आभास निर्माण केला. सिंग यांच्या प्रयोगाचे मूल्यमापनही याच परंपरेत, याच कसोट्यांवर व्हावयास हवे.

हार्मोनियमपेक्षा सिंथेसायझरची स्थिती एका बाबतीत बरी आहे. ज्युपिटर-८ मध्ये एका स्वरावरून दुसऱ्यावर घसरत जाण्याची सोय आहे, तसेच डाव्या हाताने स्वर वाकविण्याची दांडीही आहे. टीबी-३०३ मध्येही निवडलेल्या दोन स्वरांना घसरणीने जोडता येते. वरवर पाहता ही मींडच. पण ही घसरण यंत्राने ठरविलेल्या गतीने होते. कोठे रेंगाळावे, कोणत्या मधल्या स्वराला ओझरता स्पर्श करावा, कोठे अचानक तुटावे, हे गवयाच्या मींडेतील निर्णय तिच्यात नसतात. भैरवातील आंदोलित कोमल ऋषभ, तोडीतील अतिकोमल गांधार, मेघातील मध्यमाच्या आधाराने हेलकावणारा ऋषभ या गोष्टी केवळ 'कोणता स्वर' याने सिद्ध होत नाहीत. तो स्वर कसा घेतला यातच त्यांचे प्राण असतात. बारा समान अंतरांच्या कळफलकावर त्या हाती लागत नाहीत.

म्हणूनच या दहा रागांचे यश सारखे नाही. कलावती, मालकंस, बैरागी, भूप या पाच स्वरांच्या रागांत स्वरांमधली अंतरेच रागाची ओळख बऱ्याच अंशी सांगून टाकतात. तेथे यंत्र फारसे आड येत नाही. उलट स्वरांची विरळ मांडणी आणि खर्जाची दाट वीण यांतून एक नवाच पोत तयार होतो. मालकंसात ऋषभ-पंचम नसल्याने मोकळी राहिलेली जागा त्या खर्जाने भारून जाते. याउलट तोडी आणि मेघमल्हार यांच्यात सांगाडा उरतो, राग निसटतो. तोडी ऐकू येते, परंतु तिची आर्तता येत नाही. हा दोष वादकाच्या रागज्ञानाचा नाही, साधनाचा आहे. तरीही तो दोषच आहे. पुनर्मुद्रणानंतरच्या स्तुतिपर लेखनात तो कोणी नोंदविल्याचे सहसा आढळत नाही, कारण त्या लेखकांचे लक्ष रागाकडे नव्हतेच.

प्रत्येक रागाला मिळालेली सुमारे पाच मिनिटे हा मात्र आक्षेपाचा विषय होऊ नये. तीन-साडेतीन मिनिटांच्या तबकडीत राग उभा करणे ही विसाव्या शतकातील थोर गायकांची सिद्ध कला होती. १९७७ मध्ये व्हॉयेजर यानांसोबत अंतराळात गेलेली केसरबाई केरकर यांची भैरवी साडेतीन मिनिटांचीच आहे.

रागांचा क्रमही पाहण्याजोगा आहे. भैरव, ललत, भूपाली, तोडी, मधुवंती, मेघमल्हार, यमन, कलावती, मालकंस, बैरागी असा तो आहे. भातखंडे यांनी मांडलेल्या समयसिद्धांताशी ताडून पाहिले तर पहाटेपासून मध्यरात्रीपर्यंतचा प्रवास स्थूलमानाने जुळतो आणि अखेरच्या बैरागीने पुन्हा सकाळ होते. ललत काटेकोरपणे भैरवाच्या आधी हवा होता. त्याहून खटकतो तो सायंकालीन भूपाली सकाळच्या रागांत आल्याने. पण मराठी श्रोत्याला ते फारसे खटकणार नाही. होनाजीची भूपाळी, जी वसंत देसाई यांनी 'अमर भूपाळी' (१९५१) चित्रपटासाठी स्वरबद्ध केली, ती भूप रागातच आहे आणि ती सूर्योदयाचीच आहे. सिंग यांच्या मनात असे काही होते, असा याचा अर्थ नाही. डिस्कोसारख्या वेळकाळ न पाहणाऱ्या, रात्रीच्या संगीतावर दिवसाच्या प्रहरांची चौकट ठेवावीशी वाटणे, एवढे मात्र नोंदविण्यासारखे आहे.

तंबोऱ्याची जागा

रागसंगीतात षड्जाचे अखंड भान तंबोरा देतो. 'सिंथेसायझिंग'मध्ये तंबोरा नाही. त्याची जागा टीबी-३०३च्या सतत फिरणाऱ्या ओळीने घेतली आहे, आणि या ध्वनिमुद्रिकेतील सर्वांत मौलिक कल्पना तीच आहे.

यामागील ध्वनिशास्त्र थोडक्यात पाहणे आवश्यक आहे. तंबोऱ्याच्या घोडीवर जवारी लावलेली असते. तार तिच्या उतरत्या पृष्ठभागाला हलके स्पर्श करीत कंप पावते, त्यामुळे मूळ स्वरासोबत असंख्य उपस्वर उमटतात आणि कालानुसार त्यांतील निरनिराळे उपस्वर पुढे येत राहतात. चंद्रशेखर व्यंकट रामन यांनी १९२१ मध्येच या गुणधर्माचा वैज्ञानिक अभ्यास प्रसिद्ध केला होता. टीबी-३०३ची रचना पाहिली तर त्यात उपस्वरांनी भरलेला एक ध्वनी तयार होतो, आणि एक गाळणी त्यातील वरचे उपस्वर कापते. ही गाळणी जेथे कापते त्या जागेवरील उपस्वर तीव्र करून दाखविण्याची सोय असल्याने, बटण फिरविताच एकामागून एक उपस्वर उजळत जातो. तोच तो वळवळणारा ध्वनी. कारणे भिन्न असली तरी परिणाम एकाच जातीचा आहे. स्वर एकच राहतो, मात्र त्याच्या अंतरंगात सतत हालचाल जाणवते.

सिंग यांना ही तुलना अभिप्रेत होती की नव्हती, हा प्रश्न गौण आहे. तंबोऱ्याच्या सान्निध्यात वाढलेल्या कानाला हे यंत्र टाकाऊ वाटले नाही, ही वस्तुस्थिती महत्त्वाची. इतरांनी त्यात नकली बेस गिटार शोधली आणि ते निराश झाले. अर्थात तंबोरा आणि ही ओळ यांत मोठा भेदही आहे. तंबोरा हलत नाही. ही ओळ रागाच्या इतर स्वरांतून हिंडते. ती षड्जाभोवती घुटमळते तेव्हा रागाला भक्कम आधार मिळतो. ती फार दूर भटकते तेव्हा मुख्य धून आणि खर्ज यांत स्पर्धा सुरू होते आणि षड्जाचे आसन डळमळते.

ठेका

तालाच्या बाजूने सांगण्यासारखे कमी आहे, कारण देण्यासारखेच कमी आहे. डिस्कोच्या ठेक्यात चारही मात्रांवर सारखाच आघात पडतो. भरी-खाली नाही, त्यामुळे समेची ओढही नाही. समेवर येण्याचा आनंद हा भारतीय श्रोत्याच्या आस्वादाचा गाभा असल्याने ही हानी मोठी आहे. वामनराव देशपांडे यांनी 'घरंदाज गायकी'त स्वर आणि लय या दोन टोकांमध्ये घराण्यांची मांडणी केली होती. ही ध्वनिमुद्रिका लयीच्या टोकापलीकडे जाऊन उभी राहते आणि तेथे लयीचे रूपांतर निव्वळ गतीत झालेले दिसते. समेच्या जागी येते ते सातत्याचे, न थांबण्याचे सुख. ते नृत्याचे सुख आहे, मैफलीचे नव्हे.

शिकागोशी नाते

आता अग्रक्रमाचा दावा. शिकागोतील डीजे पिअर, स्पँकी आणि हर्ब जे यांनी सिंग यांची ध्वनिमुद्रिका ऐकली होती, असा कोणताही पुरावा उपलब्ध नाही. मुंबईतच न खपलेली तबकडी शिकागोच्या दक्षिण भागात पोहोचली असेल, हे संभवनीयही वाटत नाही. त्यांच्याकडे टीबी-३०३ आली ती जुन्या बाजारातून, स्वस्तात. बाजारात फसलेले यंत्र गरीब कृष्णवर्णीय तरुणांच्या हाती पडले आणि माहितीपत्रकाला बाजूला सारून त्यांनी त्याची बटणे फिरविण्यास सुरुवात केली. शिवाय यंत्राचा प्रथम वापर एवढाच निकष लावला तर ब्रिटनमधील हेवन सेव्हन्टीन या गटाच्या १९८२च्या 'लेट मी गो' या गाण्यातही हेच यंत्र आहे, आणि त्यांना कोणी अ‍ॅसिड हाउसचे जनक म्हणत नाही.

दोन्ही संगीतांतील आंतरिक भेद त्याहून महत्त्वाचा आहे. 'अ‍ॅसिड ट्रॅक्स' दहा मिनिटांहून अधिक काळ चालते. तीत सुरावट जवळजवळ जागची हलत नाही, बदलतो तो ध्वनीचा पोत. श्रोत्याचे लक्ष बटण फिरविणाऱ्या हाताकडे लागते. सिंग यांच्याकडे पोत हळूहळू बदलतो खरा, पण लक्ष त्यावरील सुरावटीकडे, रागाच्या चलनाकडे वेधलेले असते. एका ठिकाणी यंत्र हेच संगीत आहे. दुसऱ्या ठिकाणी यंत्र हे आसन आहे आणि त्यावर राग बसला आहे. ध्वनीच्या साम्यावरून या दोहोंना एका वंशावळीत घालणे म्हणजे सारंगी आणि व्हायोलिन गजानेच वाजतात म्हणून त्यांचे संगीत एक मानण्यासारखे आहे.

'जनक' या बिरुदाचा आणखी एक तोटा आहे. त्यामुळे सिंग यांच्या कामाचे मोल शिकागोत आणि नंतर युरोपात जे घडले त्यावर अवलंबून राहते. अ‍ॅसिड हाउस जन्मालाच आले नसते तर ही ध्वनिमुद्रिका नगण्य ठरली असती काय? आणि शिकागोच्या तरुणांनी स्वबळावर लावलेल्या शोधाचे श्रेयही त्यातून विनाकारण उणे होते. ज्यांना स्वतःच्या देशात मान मिळविण्यासाठी झगडावे लागले, त्यांच्याकडून ते श्रेय काढून घेणे मुंबईच्या वादकाला न्याय देण्यासाठी आवश्यक नाही.

प्रभाव म्हणता येईल असा जो काही आहे तो २०१० नंतरचा आहे, आणि तो खरा आहे. पुनर्मुद्रण युरोपातील नृत्यसंगीताच्या श्रोत्यांत पोहोचले, सिंग यांनी उतारवयात युरोपात जाऊन हे राग पुन्हा त्याच जातीच्या यंत्रांवर वाजविले, आणि इलेक्ट्रॉनिक संगीताचा इतिहास केवळ डसेलडॉर्फ, डेट्रॉइट, शिकागो या रेषेत लिहिता येत नाही, हे त्यानिमित्ताने अनेकांना मान्य करावे लागले. अहमदाबादच्या राष्ट्रीय डिझाइन संस्थेत १९६९ मध्ये डेव्हिड ट्यूडर यांच्या साहाय्याने उभ्या राहिलेल्या मूग सिंथेसायझरच्या ध्वनिमुद्रणकक्षाचे काम पॉल पुर्गस यांच्या संशोधनातून २०२३ मध्ये ध्वनिमुद्रिकेच्या रूपाने बाहेर आले. दोन्ही प्रसंगी शोध घेणारे बाहेरून आले, हेही नमूद करावे लागते.

दखल का घेतली गेली नाही?

महाराष्ट्रात संगीतसमीक्षेची समर्थ परंपरा असताना मुंबईतच घडलेली ही घटना तिच्या नजरेतून कशी सुटली? याचे एक उत्तर त्या समीक्षेच्या विषयनिवडीत आहे. तिने अभिजात संगीत आणि नाट्यसंगीत यांना आपले क्षेत्र मानले. चित्रपटसंगीताकडे ती उशिरा आणि संकोचाने वळली. अशोक दा. रानडे यांनी संगीताच्या आदिम, लोक, भक्ती, कला, जन आणि संगम अशा कोटी कल्पिल्या होत्या. 'सिंथेसायझिंग' सामग्रीने कलासंगीताची, ठेक्याने जनसंगीताची आणि वृत्तीने संगमसंगीताची. कलासंगीताच्या समीक्षकाला 'डिस्को' हा शब्दच दूर ठेवण्यास पुरेसा होता, आणि डिस्कोच्या ग्राहकाला 'राग' हा. रानडे यांच्या चौकटीत तिला जागा होती. त्या जागेवर नजर टाकणारे मात्र त्या वेळी कोणी नव्हते.

दुसरे कारण साधे आहे. वादकांनी केलेले काम हे 'कृती' म्हणून पाहण्याची सवयच नव्हती. कोणत्या गाण्यात कोण काय वाजवीत होते, याची नोंद वेष्टनांवर नाही. ती वादकांच्या स्मरणात आणि मोबदल्याच्या कागदपत्रांत विखुरलेली होती. सिंग यांचे नाव जगभर झाल्यावर श्रोत्यांनी त्यांच्या जुन्या चित्रपटगीतांचा शोध सुरू केला, तेव्हा त्यांना याच अडचणीला सामोरे जावे लागले. अँथनी गोन्साल्विस २०१२ मध्ये गेले. चरणजित सिंग यांचे जुलै २०१५ मध्ये मुंबईत निधन झाले. चित्रपटसंगीतात सिंथेसायझर रुजविणाऱ्यांपैकी एक असलेले केरसी लॉर्ड २०१६ मध्ये निवर्तले. बूथ यांच्या ग्रंथात त्या पिढीतील काहींच्या आठवणी नोंदल्या गेल्या आहेत. कोणत्या गाण्यातील खर्जाची ओळ कोणाच्या हातची, हे बहुतांश गाण्यांबाबत आता कानानेच ठरवावे लागते.